फोरआर्मचं हाड जुळलंच नाही: सातवं अक्षर 'के' की 'ए'?

अक्षरवेल (पुणे)

ऑर्थोचं कोडिंग करणाऱ्या आणि शिकणाऱ्या मराठी मंडळींसाठी हा धागा काढतेय. पुणे, मुंबई, नागपूर इथे बसून अमेरिकेतल्या रुग्णालयांचे चार्ट कोड करणारे (रुग्णाच्या नोंदी वाचून बिलासाठी निदानाचे आणि उपचाराचे कोड लावणारे) आपण पुष्कळ जण आहोत. फोरआर्मच्या (कोपर ते मनगट) न जुळलेल्या फ्रॅक्चरवर टीममध्ये जितकी वादावादी होते तितकी क्वचितच दुसऱ्या कशावर होत असेल. नव्या मुलांना शिकवताना तोच प्रश्न पुन्हा पुन्हा येतो, म्हणून सगळं एका जागी मांडते. चर्चा अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएमची, म्हणजे निदानांना कोड देण्याच्या तिथल्या यादीची आहे. तिच्यात फ्रॅक्चरच्या कोडचं सातवं अक्षर उपचाराचा टप्पा आणि हाडाची अवस्था सांगतं. भारतातल्या रेकॉर्ड विभागांची पद्धत वेगळी, त्यातल्या जाणकारांनी खाली जरूर लिहावं.

उदाहरण घेऊ. हे शिकवण्यासाठी रचलेलं आहे, कुठल्याही खऱ्या रुग्णाचं नाही. चाळिशीतला माणूस मोटरसायकलवरून पडला. उजव्या हाताचे रेडियस आणि अल्ना (फोरआर्मची दोन हाडं) दोन्ही मधोमध आडवे तुटले, सरकले, पण कातडी फाटली नाही. दोन्हींवर प्लेटी बसवल्या. आठ महिन्यांनी रेडियस छान जुळलंय, अल्ना मात्र जुळलेलं नाही. सर्जन नोंदीत स्पष्ट लिहितो, 'उजव्या अल्नाच्या शाफ्टचं नॉनयुनियन', म्हणजे हाडाचा मधला भाग जुळलाच नाही. मग तो अल्नाची जुनी प्लेट काढतो, कमरेच्या हाडातून ग्राफ्ट (भरायला हाडाचा तुकडा) घेतो, नवी प्लेट लावतो.

आता टीममधले अर्धे लोक म्हणतात, 'ऑपरेशन झालंय, म्हणजे ॲक्टिव्ह ट्रीटमेंट, म्हणून ए.' नाही. अल्नाला एस५२.२२१के आणि रेडियसला एस५२.३२१डी.

का, ते सांगते. एकोणिसाव्या प्रकरणाच्या गाईडलाईनमध्ये ॲक्टिव्ह ट्रीटमेंट चालू असेल तर ए, बी, सी लावा असं आहे, आणि बहुतेकांचं वाचन तिथेच थांबतं. त्याच भागात पुढे स्वतंत्रपणे सांगितलंय की मालयुनियन (वाकडं जुळणं), नॉनयुनियन यांसारख्या फ्रॅक्चरच्या गुंतागुंतीवरचे उपचार पुढच्या भेटींच्या अक्षरांनीच दाखवायचे. नॉनयुनियनला के, एम, एन. मालयुनियनला पी, क्यू, आर. सर्जनने त्या दिवशी काय केलं हे सांगायचं काम सीपीटीचं (ऑपरेशन-उपचारांच्या कोडचं). डायग्नोसिसच्या सातव्या अक्षराने हाडाची अवस्था सांगायची.

अक्षरं पाठ करू नका, चौकट लक्षात ठेवा. जखम तीन प्रकारची: बंद, उघडी टाईप एक किंवा दोन, उघडी टाईप तीन (३ए, ३बी, ३सी सगळे). टाईप म्हणजे गुस्टिलो वर्गीकरणानुसार उघड्या जखमेची तीव्रता. हाडाची स्थिती चार प्रकारची: नीट भरतंय, उशीर होतोय, जुळलंच नाही, वाकडं जुळलं. नीट भरत असेल तर डी, ई, एफ. उशीर होत असेल तर जी, एच, जे. जुळलं नसेल तर के, एम, एन. वाकडं जुळलं असेल तर पी, क्यू, आर. क्रम नेहमी तोच, आधी बंद, मग टाईप एक-दोन, मग टाईप तीन. मध्ये आय, एल, ओ ही अक्षरं येत नाहीत एवढं ध्यानात ठेवलं की चौकट कागदावर अर्ध्या मिनिटात काढता येते.

यात सर्वांत जास्त घसरायला होतं ते जखमेच्या बाबतीत. अक्षरातली जखम ही मूळ अपघाताच्या दिवसाची. आज वर्षभराने कातडी पूर्ण भरली, नुसता व्रण उरलाय, तरी हाड त्या दिवशी बाहेर आलं होतं आणि सर्जनने टाईप दोन लिहिलं होतं तर आज एम. के नव्हे. उघडं होतं एवढंच लिहिलंय, टाईप लिहिलाच नाही, तर पहिल्या भेटीत बी लागतं, म्हणून पुढे नॉनयुनियनलाही एम. उघडं की बंद याचा काहीच उल्लेख नसेल तर बंद धरायचं, आणि सरकलंय की नाही याचा उल्लेख नसेल तर सरकलेलं धरायचं. हे दोन नियम एस५२च्या सुरुवातीच्या टिपेतच छापलेले आहेत.

दुसरी गोष्ट, जिच्यासाठी मी टीममध्ये सगळ्यात जास्त भांडते: प्रत्येक हाडाला स्वतःचं अक्षर. दोन हाडं, दोन कोड, दोन वेगळ्या गोष्टी. 'रुग्ण नॉनयुनियनसाठी आलाय' म्हणून दोन्हींना के लावून टाकणं म्हणजे जुळलेल्या रेडियसला न जुळलेलं ठरवणं. पुढे कधी त्याच रुग्णाच्या रेडियसला काही झालं तर हा खोटा इतिहास त्याच्या मागे लागतो.

ऑपरेशनचा सीपीटी इथे २५४०५, उजवी बाजू. रेडियस किंवा अल्ना, ऑटोग्राफ्टसह (रुग्णाच्याच हाडाचा ग्राफ्ट). कमरेतून ग्राफ्ट काढणं त्यातच धरलेलं आहे, वेगळं २०९०२ लावू नका. त्याच जागेची जुनी प्लेट काढल्याशिवाय नवी लावताच येणार नव्हती, म्हणून २०६८०ही वेगळं नाही.

प्रश्न असतील तर विचारा. मतभेद असतील तर गाईडलाईनच्या आधाराने लिहा, 'आमच्याकडे असंच करतात' एवढ्यावर नको.

---

शिकाऊ_नागपूर

ताई, वाचनखूण साठवली. बीएचएमएस झालंय, आता सीपीसीची (कोडरच्या परीक्षेची) तयारी करतोय. एक शंका. ॲक्टिव्ह ट्रीटमेंटच्या उदाहरणांमध्ये सर्जिकल ट्रीटमेंट हे पहिलंच उदाहरण आहे. मग नॉनयुनियनचं ऑपरेशन हे सर्जिकल ट्रीटमेंट नाही का? क्लासमध्ये सरांनीही ए सांगितलं होतं.

---

अक्षरवेल

शंका योग्य आहे. ऑपरेशन ॲक्टिव्हच आहे, त्याबद्दल वाद नाही. पण सर्वसाधारण नियम आणि विशिष्ट नियम समोरासमोर आले की विशिष्ट नियम लागू होतो, आणि नॉनयुनियनसाठी विशिष्ट वाक्य दिलेलं आहे. शिवाय असा विचार करा. ए लावलं तर त्या कोडमध्ये नॉनयुनियन कुठे दिसेल? आयसीडी-१०-सीएममध्ये नॉनयुनियनला वेगळा कोड नाही, ते फक्त सातव्या अक्षरात राहतं. ए लावलंत की समोरच्याला वाटणार, हाड काल तुटलं आणि आज थेट ग्राफ्ट घातलं.

जुनी मंडळी आयसीडी-९मधून आलेली आहेत. तिथे ७३३.८२ हा एकच कोड कुठल्याही हाडाच्या नॉनयुनियनला चालायचा, सोबत ९०५.२ हा हाताच्या फ्रॅक्चरच्या उशिरा दिसणाऱ्या परिणामांचा. १ ऑक्टोबर २०१५ला आयसीडी-१० आलं आणि ती सोय गेली. त्या सवयीने काही जण आजही नॉनयुनियनला सिक्वेलाचं (मागे उरलेल्या परिणामाचं) एस अक्षर लावतात. तेही चूक. हाड जुळून गेल्यानंतर मनगट आखडलं तर एस. हाड जुळलंच नसेल तर फ्रॅक्चर अजून संपलेलं नाही.

---

अस्थिमित्र (कोल्हापूर)

मी ऑर्थोपेडिक सर्जन आहे, कोडिंग करत नाही. पण धागा वाचून डॉक्टरांच्या बाजूने चार गोष्टी लिहाव्याशा वाटल्या.

फोरआर्मची दोन हाडं म्हणजे खरं तर एक सांधाच आहे. रेडियस अल्नाभोवती फिरतं म्हणून तळहात वर-खाली करता येतो. त्यामुळे मांडीच्या हाडात खपून जाणारा थोडासा वाक इथे खपत नाही, आणि मोठ्या माणसाच्या या फ्रॅक्चरला आम्ही प्लास्टरवर सहसा सोडत नाही. प्लेटचे निकाल मुळात उत्तम आहेत. १९७५मध्ये अँडरसन आणि सहकाऱ्यांनी कॉम्प्रेशन प्लेटचा जो अभ्यास छापला त्यात रेडियस ९७.९ टक्के आणि अल्ना ९६.३ टक्के जुळलेली होती. म्हणजे नॉनयुनियन झालं तर बहुधा काहीतरी कारण असतं: प्लेट आखूड, स्क्रू कमी, हाडांमध्ये फट राहिलेली, जंतुसंसर्ग, उघडी जखम, अनियंत्रित मधुमेह, तंबाखू. आमच्याकडे मिश्री लावणाऱ्या बायकांना विचारल्याशिवाय त्या सांगत नाहीत, म्हणून मी मुद्दाम विचारतो.

नॉनयुनियन कधी म्हणायचं? अमेरिकेच्या एफडीएची (औषध नियामक संस्थेची) जुनी व्याख्या नऊ महिने उलटले आणि शेवटचे तीन महिने एक्स-रेमध्ये काहीच प्रगती नाही, अशी आहे. प्रत्यक्षात आम्ही कॅलेंडर बघत बसत नाही. मध्ये दोन सेंटीमीटर हाडच नसेल तर ते नऊ महिन्यांनीही जुळणार नाही हे पहिल्याच महिन्यात कळतं. उलट, सहा महिन्यांनी रेष दिसतेय पण दुखत नाही, हळूहळू भरतंय, अशा रुग्णाला मी डिलेड युनियनच (जुळायला उशीर) म्हणतो.

कोडरांना विनंती: आठ महिने झाले म्हणून तुम्ही परस्पर नॉनयुनियन ठरवू नका. तो निर्णय रुग्णाचा हात हातात घेऊन, दाबून, हलवून बघणाऱ्याचा आहे.

---

अक्षरवेल

डॉक्टर, मनापासून आभार. तुमचं शेवटचं वाक्य मी उद्याच्या प्रशिक्षणात वाचून दाखवणार आहे. रेडिऑलॉजीच्या अहवालात 'फ्रॅक्चर रेषा अजून दिसते' असं आलं की काही जण लगेच के लावतात. रेष दिसणं आणि नॉनयुनियन असणं यांत डॉक्टरचा निर्णय मध्ये आहे, आणि तो नोंदीत लिहिलेला हवा.

तंबाखूचा मुद्दा कोडिंगलाही लागू. सर्जनने निकोटिनचं अवलंबित्व लिहिलं असेल तर सिगारेटला एफ१७.२१०, चघळण्याच्या तंबाखूला एफ१७.२२०. नुसता वापर लिहिला असेल तर झेड७२.०. सोबत हे असलं की पुढे ग्राफ्ट का लागला हे वाचणाऱ्याला कळतं.

---

रानजाई (ठाणे)

मग डॉक्टरने नुसतं 'हाड भरत नाहीये, पुढच्या आठवड्यात ग्राफ्ट' असं लिहिलं तर काय करायचं? क्वेरी (डॉक्टरांना लेखी विचारणा) पाठवली तर आमची लीड म्हणते क्वेरीची संख्या वाढते.

---

सातपुडा

@रानजाई, क्वेरी पाठवायचीच. संख्या वाढते हे कारण नाही. फक्त उत्तर सुचवणारी क्वेरी नको. 'हे नॉनयुनियन आहे ना?' असं विचारलं तर ऑडिटमध्ये सापडता. आम्ही असं लिहितो:

'आपल्या अमुक तारखेच्या नोंदीत उजव्या अल्नाचं फ्रॅक्चर भरत नसल्याचा आणि ग्राफ्टच्या ऑपरेशनचा उल्लेख आहे. त्याच दिवशीच्या एक्स-रे अहवालात फ्रॅक्चर रेषा दिसत असल्याचं म्हटलं आहे. आपल्या वैद्यकीय मतानुसार फ्रॅक्चरची सध्याची स्थिती कृपया नोंदवावी: अपेक्षेप्रमाणे भरत आहे, भरण्यास विलंब, नॉनयुनियन, मालयुनियन, अन्य, ठरवता येत नाही.'

पर्याय सगळे द्यायचे, क्लेमच्या पैशाचा उल्लेख अजिबात नाही. अर्थात प्रत्यक्षात हे इंग्रजीत जातं. क्वेरीतच मूळ जखमेचा गुस्टिलो टाईपही विचारून घ्या, म्हणजे दुसरी क्वेरी पाठवावी लागत नाही.

---

अस्थिमित्र

गुस्टिलोचं खरंच आहे. अपघाताच्या रात्री आम्ही टाईप लिहितो, वर्षभराने ग्राफ्टच्या वेळी लिहायचं राहून जातं, कारण तेव्हा आमच्या उपचाराला त्याचा उपयोग संपलेला असतो. त्या एका शब्दावर तुमचं अक्षर बदलतं हे मला आज कळलं.

आणखी एक विचारतो. हायपरट्रॉफिक आणि अट्रॉफिक यांतला फरक तुमच्या कोडमध्ये येतो का? आमच्या दृष्टीने तोच मुख्य. पहिल्यात हाड भरायला तयार असतं, त्याला फक्त स्थिरता हवी. दुसऱ्यात जीवच नसतो, तिथे ग्राफ्ट लागतो.

---

अक्षरवेल

डायग्नोसिसमध्ये येत नाही. दोघांनाही तोच के. मात्र सीपीटीत तो फरक आपोआप उतरतो. ग्राफ्टशिवाय नुसतं दाबून बसवलं तर २५४००, ऑटोग्राफ्ट घातला तर २५४०५. दोन्ही हाडांचं केलं तर अनुक्रमे २५४१५ आणि २५४२०. मध्ये हाडाचा तुकडाच गेलेला असेल आणि ती पोकळी ऑटोग्राफ्टने भरली तर २५४२५, दोन्ही हाडांत असेल तर २५४२६.

या मालिकेत २५४०० ते २५४२० हे चारही कोड 'नॉनयुनियन किंवा मालयुनियन' अशा दोन्हींसाठी आहेत. म्हणजे कुठलं होतं हे सीपीटी सांगत नाही, फक्त डायग्नोसिसचं अक्षर सांगतं. म्हणून के आणि पीमधली गल्लत मला सगळ्यात जास्त खटकते.

---

एडिसनकर (न्यू जर्सी)

मी या क्षेत्रातला नाही, पण शीर्षक बघून थांबलो. आई गावाकडे घसरून पडली होती. जवळच्या हाड बसवणाऱ्याकडून बांबूच्या कामट्या बांधून घेतल्या, दवाखान्यात गेलीच नाही. काही महिन्यांनी इकडे आली तेव्हा हात वाकायचा. इथल्या डॉक्टरांनी पहिल्याच भेटीत अल्ना जुळलेलं नाही असं सांगितलं. बिलावरच्या कोडच्या शेवटी ए आहे. वरची चर्चा वाचून ते चुकलंय की काय असं वाटू लागलं.

---

अक्षरवेल

दादा, आईंना लवकर बरं वाटो. कोड बहुधा बरोबर आहे. माझ्या नियमाला हाच एक अपवाद, आणि तो मी वर लिहायला हवा होता. गाईडलाईनमध्येच सांगितलंय की रुग्णाने फ्रॅक्चरवर किंवा नॉनयुनियनवर उपचार घ्यायला उशीर केला असेल तर सुरुवातीच्या भेटीचं अक्षर लावायचं. आईंच्या फ्रॅक्चरवर वैद्यकीय उपचार झालेच नव्हते, तिथल्या डॉक्टरांकडेच पहिल्यांदा सुरू झाले. म्हणून ए.

यात अडचण एवढीच की ए लावल्यावर कोडमध्ये नॉनयुनियन दिसत नाही. ऑपरेशन ठरलं आणि २५४०५ पाठवलं गेलं तर इन्शुरन्सवाले विचारू शकतात, ताज्या फ्रॅक्चरला नॉनयुनियनचं ऑपरेशन कसं? डॉक्टरांच्या नोंदीत 'अमुक महिन्यात पडल्या, आजपर्यंत उपचार नाहीत, आज नॉनयुनियन' हे तिन्ही स्पष्ट लिहिलंय ना, तेवढं विचारून घ्या. व्हिजिटर इन्शुरन्स असेल तर प्रवासाआधीच्या दुखण्याबद्दलची कलमं नीट वाचा. कोड बदलून ती अडचण सुटत नाही, आणि तसं कुणाला सांगूही नका.

---

निळाई (मुंबई)

कामट्यांची पट्टी हा उपचार धरायचा की नाही यावर वाद होऊ शकतो असं मला वाटतं. समजा तिकडे तालुक्याच्या दवाखान्यात प्लास्टर घातलं असतं आणि मग ती अमेरिकेत आली असती, तर?

---

अक्षरवेल

तर माझ्या मते के. प्लास्टर हा उपचारच. तो झाला, त्यानंतर हाड जुळलं नाही, म्हणजे गुंतागुंत. डॉक्टर नवा, देश नवा, म्हणून ए होत नाही. कामट्यांच्या बाबतीत मी डॉक्टरच्या नोंदीवर जाईन. 'पूर्वी उपचार नाहीत' असं त्याने लिहिलं असेल तर ए.

---

गोदाकाठ (नाशिक)

मी रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात आहे. आपल्याकडे डब्ल्यूएचओची आयसीडी-१० चालते, त्यात हे सातवं अक्षर नाहीच. नॉनयुनियनला सरळ एम८४.१, मालयुनियनला एम८४.०, डिलेड युनियनला एम८४.२. जागेसाठी पाचवा अंक जोडायचा असेल तर फोरआर्मला ३.

दुसरा फरक म्हणजे दोन्ही हाडांची शाफ्ट तुटली तर आमच्याकडे एस५२.४ हा एकच कोड आहे. सीएममध्ये एस५२.४ काढून टाकलाय, म्हणून तुम्हाला दोन कोड लावावे लागतात. इथे काम करून मग अमेरिकेच्या प्रोजेक्टवर गेलेली मुलं हमखास एस५२.४ शोधत बसतात.

महात्मा फुले जन आरोग्य योजनेत तर पॅकेजचे स्वतःचे कोड असतात, तिथे मंजुरीला एक्स-रे आणि कागदपत्रं महत्त्वाची.

---

रानजाई

@गोदाकाठ, धन्यवाद. एम८४.१ सीएममध्ये का सापडत नाही याचं उत्तर मिळालं. आमच्या एनकोडरमध्ये (कोड शोधायच्या सॉफ्टवेअरमध्ये) 'स्यूडार्थ्रोसिस' (नॉनयुनियनचंच दुसरं नाव) टाकलं की एम९६.० येतो. तो चालेल का?

---

सातपुडा

नाही! एम९६.० सांधा किंवा मणका फ्यूज करायचं ऑपरेशन केलं आणि ते जुळलं नाही, त्यासाठी आहे. फोरआर्मच्या फ्रॅक्चरशी त्याचा संबंध नाही. इंडेक्समध्ये स्यूडार्थ्रोसिसखाली 'नॉनयुनियन, फ्रॅक्चर पाहा' असं आहे, आणि तिथून 'फ्रॅक्चर, जागेनुसार'. एनकोडरने दिलेला पहिला पर्याय निवडण्याआधी इंडेक्स उघडा, टॅब्युलरमध्ये (कोडच्या क्रमवार यादीत) खात्री करा.

---

निळाई

माझ्याकडे गेल्या महिन्यात असे चार्ट खूप आले: साठीच्या पुढच्या बायका, घरात घसरल्या, मनगटाजवळ रेडियस तुटलं, ऑस्टिओपोरोसिस माहीत असलेला, आणि काही महिन्यांनी नॉनयुनियन. सगळीकडे एस५२.५ मालिका लावलेली होती. हे एम८० मध्ये (ऑस्टिओपोरोसिसमुळे तुटलेल्या हाडांच्या कोडमध्ये) जायला हवं ना?

---

अक्षरवेल

हो. ऑस्टिओपोरोसिस माहीत आहे आणि निरोगी हाड एरवी तुटलं नसतं अशा किरकोळ पडण्याने ते तुटलं, तर एम८०. वयाशी संबंधित असेल तर उजव्या फोरआर्मला एम८०.०३१के, डाव्याला एम८०.०३२के. एम८०मध्ये उघड्या जखमेची अक्षरं नाहीतच, तिथे फक्त ए, डी, जी, के, पी, एस. उलट त्याच बाईंना गाडीने जोरात उडवलं असेल तर ऑस्टिओपोरोसिस असूनही एस५२, कारण तो मार निरोगी हाडालाही झेपला नसता. घसरण्याची उंची, जमीन, जोर हे सगळं नोंदीत वाचा, मग ठरवा.

---

शिकाऊ_नागपूर

प्लेटच मोडली असेल तर?

---

अक्षरवेल

मग दोन्ही कोड लागतील. उजव्या फोरआर्मची प्लेट मोडली, टी८४.११२ए. डावी असेल तर टी८४.११३ए. सोबत फ्रॅक्चरचा एस५२...के. एकाच क्लेममध्ये एकाला ए आणि दुसऱ्याला के बघून नवे कोडर गोंधळतात. पण गाईडलाईन सांगते की कॉम्प्लिकेशनच्या कोडमध्ये ॲक्टिव्ह ट्रीटमेंट म्हणजे त्या कोडने सांगितलेल्या स्थितीवरचे उपचार. मोडलेल्या प्लेटवर आज उपचार होतायत, म्हणून ए. फ्रॅक्चरला मात्र नॉनयुनियनचं विशिष्ट वाक्य लागू.

प्लेटभोवती संसर्ग असेल तर हाडानुसार बघा: उजवं रेडियस टी८४.६१२, डावं ६१३, उजवं अल्ना ६१४, डावं ६१५. मोडण्याच्या कोडमध्ये 'फोरआर्मचं हाड' एकत्र आहे, संसर्गाच्या कोडमध्ये रेडियस-अल्ना वेगळी आहेत. पडण्याचा बाह्य कारणाचा कोड लावलात तर त्याला के मिळणार नाही, तिथे ए, डी, एस एवढीच अक्षरं. डब्ल्यू०१.०एक्सएक्सडी असं दिसेल.

---

वाटसरू_८

मी बिलिंगला आहे. बोन स्टिम्युलेटरचे (हाड भरायला चालना देणाऱ्या यंत्राचे) क्लेम परत येतात तेव्हा कोड के असूनही येतात. कारण मेडिकेअरला (अमेरिकन सरकारच्या आरोग्य विम्याला) नुसतं अक्षर पुरत नाही. राष्ट्रीय कव्हरेज निर्णय १५०.२ प्रमाणे, उपचार सुरू करण्याआधी भरणं थांबलंय हे दाखवणारे एक्स-रेचे किमान दोन संच हवेत, त्यांत किमान ९० दिवसांचं अंतर हवं आणि प्रत्येक संचात एकाहून जास्त बाजूंनी घेतलेले फोटो हवेत. ई०७४७ किंवा ई०७६० (या यंत्रांचे कोड) पाठवण्याआधी आम्ही दोन्ही तारखा तपासतो. कोडिंगवाल्यांनी चार्ट बघताना तारखा दिसल्या तर नोंदवून ठेवा, रुग्णाचे आठवडे वाचतात. तिकडे एखादी बाई डाव्या हाताने भांडी घासत वाट बघत असते.

---

अक्षरवेल

@वाटसरू_८, फार महत्त्वाचं लिहिलंत. आमच्याकडे कोडिंग आणि बिलिंगचे मजले वेगळे, त्यामुळे हे आमच्यापर्यंत पोचतच नाही.

---

शिकाऊ_नागपूर

अवांतर: सीपीसीला असे प्रश्न येतात का? आणि अक्षरं पाठ करावी लागतात का?

---

सातपुडा

परीक्षेला पुस्तकं नेता येतात, पाठ करायची गरज नाही. १०० प्रश्न, चार तास, पास व्हायला ७० टक्के. वेळ खातं ते शोधणं. एस५२च्या पानावर सातव्या अक्षरांची चौकट आहे तिथे खूण लावून ठेव, आणि गाईडलाईनमधलं नॉनयुनियनचं वाक्य रंगवून ठेव.

---

रानजाई

शेवटचा प्रश्न. आज आलेला चार्ट: सर्जनने फक्त 'उजव्या फोरआर्मच्या फ्रॅक्चरचं नॉनयुनियन' लिहिलंय. कुठलं हाड, कुठला भाग, काहीच नाही. सिस्टिममध्ये मागच्या वर्षीची ऑपरेशन नोट दिसतेय, त्यात अल्ना शाफ्ट लिहिलंय. ते घेऊ का?

---

अक्षरवेल

परस्पर घेऊ नकोस. आजच्या भेटीच्या नोंदीत सर्जनने त्या नोटचा स्पष्ट संदर्भ दिला असेल तर गोष्ट वेगळी, नाहीतर आजची नोंद आजच्यापुरतीच बघायची. मधल्या वर्षात काय झालं हे तुला माहीत नाही. कदाचित अल्ना जुळलं असेल आणि हे पुन्हा पडून झालेलं दुसरंच फ्रॅक्चर असेल.

आधी आजचाच एक्स-रे अहवाल आणि ऑपरेशनचं वर्णन बघ, सर्जनने तिथे हाडाचं नाव घेतलेलं असतं बऱ्याचदा. नसेल तर क्वेरी पाठव: कुठलं हाड, कुठला भाग, मूळ जखम उघडी की बंद, उघडी असेल तर टाईप. उत्तर येईपर्यंत चार्ट होल्डवर. उत्तर आलंच नाही आणि क्लेमची मुदत जवळ आली तर एस५२.९१एक्सके. जखमेचा उल्लेख नाही म्हणून बंद धरलं, हाड माहीत नाही म्हणून अनस्पेसिफाइड, नॉनयुनियन सर्जनने स्वतः लिहिलंय म्हणून के. २५४०५ सोबत जात असेल तर मात्र लीडला आधी सांग, कारण 'कुठलं हाड' हे न सांगता हाडाच्या ऑपरेशनचे पैसे मागितले की तो क्लेम तपासणीला निघण्याची शक्यता असते.